पिंगळ्यांनी शोधलेला पक्षी

रंगपंचमीनंतर चौथ्या दिवशी सकाळी खंडेराव पिंगळ्यांना एक पक्षी दिसला आणि त्यानंतर जवळजवळ महिनाभर त्यांना दुसरं काही दिसेनासं झालं.

ते मागच्या दारी दात घासत उभे होते. मखमलाबाद रस्त्याला त्यांचं रो-हाऊस. मागे कमरेएवढं कुंपण आणि कुंपणापलीकडे लताबाई विधात्यांची मोकळी जागा. तिथल्या घाणेरीच्या जाळीतून तो पक्षी बाहेर आला. अंगठ्यापेक्षा थोडा मोठा. पाठ हिरवट, डोक्यावर तांबूस टोपी, शेपटी एखाद्या नव्या साहेबाच्या नाकासारखी वर उचललेली. त्याने पानाखालची एक अळी ओढून काढली, फांदीवर दोनदा आपटली आणि गिळली. मग तो समोर वळला. पोट नारिंगी! गळ्यापासून शेपटीच्या बुडापर्यंत भडक, झेंडूला लाजवील असं नारिंगी.

"शुभांगी!" खंडेराव तोंडातल्या फेसासकट ओरडले. "कॅमेरा आण!"

"कुठला कॅमेरा?" आतून आवाज आला. "आपल्याकडे कधी होता?"

त्या घटकेला खंडेरावांच्या स्वतःच्या कानांच्या पाळ्याही तशाच नारिंगी होत्या. रंगपंचमीला त्यांनी जुन्या नाशकात रहाडीच्या त्या रंगाने भरलेल्या हौदात, वयाच्या साठाव्या वर्षी, पांढऱ्या सदरा-लेंग्यासकट उडी मारली होती. पण माणसाला आपले कान दिसत नाहीत, हीच या गोष्टीतली मुख्य अडचण आहे.

खंडेरावांनी तेहतीस वर्षं एका सरकारी कार्यालयात नोंदी ठेवण्यात घालवली होती. शेवटची अकरा वर्षं हेडक्लार्क. कुठलाही कागद समोर आला की तो कुठल्या वर्गात, कुठल्या उपवर्गात, हे ते पाकीट फोडायच्या आत सांगत. निवृत्त झाल्यावर कागद यायचे बंद झाले. मग त्यांनी घरातल्या डाळींचं वर्गीकरण केलं. ते शुभांगीबाईंनी दोन दिवसांत मोडीत काढलं. पुढे बिलं, चपला, औषधं. वर्गीकरण करण्यासारखं घरात काही उरलं नव्हतं, तेवढ्यात हा पक्षी आला.

दुपारपर्यंत त्यांनी दुर्बीण आणि पक्ष्यांचं एक जाडजूड पुस्तक आणलं. एक लांब रजिस्टर आखलं. आकार, चोच, शेपूट, आहार, आवाज, शेरा. तीन दिवस ते मागच्या दारी स्टुलावर बसले. आहाराच्या रकान्यात अळ्या, मुंग्या, कोळी, एक नाकतोडा, अशी वेळेसह नोंद झाली. आवाजाच्या रकान्यात 'टुविट, टुविट, टुविट (एकूण चौसष्ट वेळा, मध्ये थांबला नाही)' असं लिहिलं.

आणि खरं सांगायचं तर तिसऱ्या दिवशी पुस्तकात योग्य पान त्यांच्या समोर उघडलं होतं. पानावर नाव होतं शिंपी. हिरवी पाठ बरोबर, तांबूस टोपी बरोबर, उभी शेपटी बरोबर, घराजवळच्या झुडपांत राहतो हेही बरोबर. फक्त पोट पांढरट लिहिलं होतं. खंडेरावांनी चष्मा काढला, पुसला आणि पान उलटलं. ज्या माणसाने एक रकाना चुकला म्हणून तेहतीस वर्षं लोकांचे अर्ज परत पाठवले, तो पोट चुकलेला पक्षी मंजूर कसा करणार?

शेजारी सल्ला द्यायला तयारच होते. गोटीराम आहेर, एसटीतून निवृत्त झालेले कंडक्टर, पलीकडच्या घरात राहत. ते कुंपणावर कोपरं टेकून म्हणाले, "पिंगळेसाहेब, हा आपल्याकडचा नाही. बाहेरचा आहे. तिकीट न काढता आलाय."

"कुठून?"

"ते त्याला विचारा. पण इगतपुरीच्या स्टँडवर मी असलं एक पाखरू पाहिलं होतं. ते मात्र निळं होतं. आणि मोठं होतं." थोडा विचार करून त्यांनी सांगितलं, "बहुतेक तो कावळा असावा. पाऊस फार होता."

मग गोटीरामांनी आपल्या मोबाईलवर पक्षी ओळखणारं काहीतरी उघडलं आणि खंडेरावांनी स्वतःच्या मोबाईलने काढलेला फोटो त्यात घातला. मोबाईलने बराच विचार केला आणि 'गाजर' असं उत्तर दिलं.

खंडेरावांना हसू आलं नाही. उलट त्यांचा ऊर भरून आला. पुस्तकात नाही, मोबाईलला माहीत नाही, म्हणजे हा पक्षी जगाच्या दफ्तरात अजून चढलेलाच नाही! त्या दिवशी त्यांनी शेऱ्याच्या रकान्यात लाल शाईने 'अतिदुर्मीळ. बहुधा नवीन जात' असं लिहिलं. आता नवीन जात म्हटली की नाव हवं. पुस्तकात वटवट्या नावाचे बारके कीटकखाऊ पक्षी पुष्कळ होते, तेव्हा कूळ तेच धरून त्यांनी नाव ठरवलं, 'पिंगळे वटवट्या'.

"नाव शोभतंय," शुभांगीबाई म्हणाल्या. "पक्ष्याचं सोडा, पण शोभतंय."

इथपर्यंत सगळं घरातल्या घरात होतं. पुढे जे झालं ते आठवलं की खंडेराव अजून मान खाली घालतात.

लताबाई विधाते धाकट्या मुलीच्या, वेदिकाच्या, लग्नाची पत्रिका घेऊन आल्या. विधात्यांचा कुंपणापलीकडे एके काळी फुलांचा मळा होता. शेवंती, निशिगंध, झेंडू. शहर वाढत गेलं तसा मळा कमी होत गेला आणि शेवटी घरामागची ही मोकळी जागा आणि झेंडूचे सहा वाफे एवढंच राहिलं. लताबाई अजून पहाटे फुलबाजारात बसत. नवरा गेल्यावर दोन्ही पोरींना त्यांनी त्याच फुलांवर शिकवलं होतं. थोरलीचं लग्न घाईत, भाड्याच्या हॉलमध्ये झालं होतं. धाकटीला तरी आपल्या दारी, आपल्या जमिनीवर हळद लागावी, मांडव आपल्या मातीत रोवावा, एवढंच त्यांच्या मनात होतं.

"भाऊ, येत्या सोमवारी ती घाणेरी काढून जागा सपाट करून घेते," त्या म्हणाल्या. "धूळ उडेल दोन दिवस. तेवढी सांभाळून घ्या."

खंडेरावांनी चहाचा कप खाली ठेवला. "अहो, असं करू नका! त्या जाळीत एक अतिदुर्मीळ पक्षी आहे." आणि त्यांनी फोटो चिकटवलेलं रजिस्टर उघडून दाखवलं.

लताबाईंनी फोटो पाहिला. मग कुंपणापाशी जाऊन जाळीकडे पाहिलं. "हा होय? भाऊ, हा शिंपी. आमच्या मळ्यात लय असायचे. पानं शिवून घर करतो. ह्याचं पोट कशानं रंगलंय देव जाणे, पण शिंपीच."

खंडेराव ताठ झाले. कार्यालयात कुणी अर्जदाराने त्यांना नियम सांगितला की ते जसे ताठ होत, तसेच. आणि ते जे बोलले ते त्यांच्या स्वतःच्या दारात, स्वतःच्या बायकोसमोर बोलले.

"लताबाई, तुम्ही फुलं विका. वर्गीकरण माझ्यावर सोडा."

पत्रिका टीपॉयवर ठेवून, त्यावर अक्षता टाकून लताबाई निघून गेल्या. शुभांगीबाईंनी चहाचे कप उचलले, तेही नेहमीपेक्षा मोठ्याने.

सोमवारच्या आत खंडेरावांनी अर्ज केला. झाडाझुडपांच्या परवानग्या बघणारं एक कार्यालय होतं, तिथे समाधान नावाचा तरुण कारकून बसायचा. त्याने विचारलं, "पक्षी कुणाच्या मालकीचा?"

"कुणाच्याच नाही."

"मग अर्जदार कोण?"

दुसरा कुणी असता तर इथेच परत गेला असता. पण खंडेराव त्याच विहिरीतलं पाणी प्यायलेले. त्यांनी अर्जाला संदर्भ जोडला, संदर्भाला सहपत्र जोडलं, सहपत्राला रजिस्टरची साक्षांकित प्रत जोडली. एवढा जाड गठ्ठा पाहिल्यावर तो वाचण्यापेक्षा आदेश काढणं सोपं होतं. शनिवारी आदेश निघाला. 'तज्ज्ञांकडून पाहणी होईपर्यंत सदर जागा जैसे थे ठेवावी.' खंडेराव तो कागद घेऊन पेढे आणायला गेले. जिच्या दारी मांडव पडायचा होता, तिच्या दाराशी कागद चिकटवायला एक शिपाई गेला.

रविवारी एका स्थानिक वर्तमानपत्रात बोटभर बातमी आली, खंडेरावांच्या फोटोसकट. पक्ष्याचा फोटो जागेअभावी वगळला होता. सोमवारी जेसीबी यायचा होता, त्याऐवजी तीसेक माणसं आली. लांब नळ्यांचे कॅमेरे, हिरवे कपडे, डोक्यावर टोप्या. कुणी म्हणालं हिमालयातून आलाय, कुणी म्हणालं आफ्रिकेतून. एकाने पक्ष्याऐवजी गोटीरामांची मुलाखत घेतली आणि गोटीरामांनी इगतपुरीच्या कावळ्यासकट ती दिली. चांगला कोन मिळावा म्हणून ही मंडळी मागे मागे सरकत गेली आणि झेंडूच्या सहाही वाफ्यांतून आरपार झाली. ती फुलं हळदीच्या दिवशीच्या तोरणासाठी राखली होती.

वेदिका दारात उभी राहून ते बघत होती. खंडेरावांनी तिला पाहिलं. "सरका हो, वाफे आहेत तिथे," असं ते म्हणाले, पण इतक्या हळू, की पुढे कुणी विचारलं तर म्हटलं होतं असं सांगता यावं.

लताबाईंनी हॉल शोधायला सुरुवात केली. ऐन लग्नसराई. गंगापूर रोडची लॉन्स भरलेली, पंचवटीतली मंगल कार्यालयं भरलेली. शेवटी द्वारका चौकाच्या तोंडावर, टायरच्या दुकानावरचा एक हॉल मिळत होता. "मंगलाष्टकं ऐकू येतील का तिथं?" शुभांगीबाईंनी विचारलं. लताबाई म्हणाल्या, "सिग्नल लाल असला तर येतील." हे शुभांगीबाईंनी घरी येऊन जसंच्या तसं सांगितलं आणि त्या दिवशी भाजीत मीठ घातलं नाही.

दहा दिवसांनी पाहणी ठरली. खंडेरावांनी इस्त्रीचा शर्ट घातला, रजिस्टर घेतलं. त्यांना वाटलं होतं डॉक्टरेट केलेला, चष्म्याचा कुणी येईल. आला तो सायखेड्याकडचा नाथा. पन्नाशीचा, रापलेला, खाकी शर्टातला माणूस. गोदाकाठच्या पाणथळीवर वीस-बावीस वर्षं लोकांना पक्षी दाखवत आलेला. बरोबर समाधान, फाइल घेऊन. कुंपणाला कॅमेरेवाले, गोटीराम, सारी गल्ली. लताबाई आणि वेदिका आपल्या ओट्यावर.

खंडेरावांनी दुर्बीण पुढे केली. नाथाने ती हातात घेतली, छान आहे म्हणाला आणि परत दिली. मग तो जाळीपासून पंधरा पावलांवर उकिडवा बसला. पाच मिनिटं नुसता ऐकत राहिला.

"शिंपी हाय साहेब," तो म्हणाला.

"पोट बघा!" खंडेराव म्हणाले. "पोट पांढरट असतं शिंप्याचं. पान एकशे बारा."

"पोट रंगल्यालं हाय. आवाज शिंप्याचा, चाल शिंप्याची. पाखरू आधी कानानं वळखायचं, साहेब. रंगाचं काय, रंग कुनालाबी लागतो." नाथाने जाळीत बोट दाखवलं. "ते बघा घरटं. दोन पानं शिवल्यात. मादी बसलीय आत. अन् आत कापूस भरलाय त्योबी नारिंगीच. हितं जवळ कुठं रंगाचं कापड पडलंय का?"

तेवढ्यात तो पक्षी स्वतःच जाळीतून निघाला. भुर्रकन कुंपण ओलांडून खंडेरावांच्या मोरीपाशी उतरला. तिथे एक प्लास्टिकचा टब होता. टबात रहाडीतला लेंगा भिजत होता. शुभांगीबाईंनी तो टाकून द्यायला काढला होता, पण खंडेरावांना तो फार आवडायचा. म्हणून दर चार दिवसांनी ताजं पाणी आणि ताजा सोडा, असं त्याचं सहावं भिजवणं चालू होतं. पक्षी टबाच्या काठावर बसला, इकडे तिकडे पाहिलं आणि लेंग्याच्या वर आलेल्या गुडघ्यावर उतरून, पंख फडफडवत, त्या नारिंगी पाण्यात यथेच्छ आंघोळ करू लागला. मग नाडीच्या टोकाचे चार धागे ओढून घेऊन गेला.

आधी गोटीराम हसले. मग गल्ली हसली. कॅमेरे जे दहा दिवस पक्ष्यावर रोखलेले होते, ते एकदम वळले आणि लेंग्यावर रोखले गेले.

खंडेराव हसणाऱ्यांकडे बघत नव्हते. ते ओट्याकडे बघत होते. लताबाई हसत नव्हत्या. वेदिका उठून आत गेली होती. खंडेरावांना वाटलं, यांनी हसावं. चार शब्द बोलावेत, शिव्या द्याव्यात. लताबाईंनी पदर खोचला आणि तुडवलेल्या वाफ्यातली जगतील तेवढी रोपं उभी करायला लागल्या.

दुसऱ्या दिवशी कार्यालय उघडायच्या आधी खंडेराव दाराशी उभे होते. "अर्ज मागे घ्यायचा आहे," ते समाधानला म्हणाले. "आदेश रद्द करा. लग्नाला नऊ दिवस उरलेत."

समाधानने फाइल उघडली. "काका, पक्षी दुर्मीळ असल्याचा तुमचा अर्ज आहे. पक्षी सामान्य असल्याचा दाखला लागेल."

"नाथाने सांगितलं की तुमच्यासमोर!"

"तोंडी सांगितलं. आणि ते शिंपी आहे म्हणाले, सामान्य आहे असं नाही म्हणाले." समाधान वाईट मुलगा नव्हता. त्याने खुर्ची पुढे केली. "शिवाय रंग कशाचा, याबद्दल फाइलला काही नाही. तुम्हीच सांगा, तुम्ही असता तर सोडला असता हा कागद?"

खंडेराव बसले. त्यांना एक म्हातारा आठवला. तीन वेळा पेठ तालुक्यातून आलेला, नावातल्या एका वेलांटीसाठी. तिसऱ्यांदा तो फक्त त्यांच्याकडे बघून परत गेला होता. इतकी वर्षं तो कधी आठवला नव्हता.

"नसता सोडला," ते म्हणाले.

मग ते बसने सायखेड्याला गेले. नाथा पाण्यावर गेला होता. तो येईपर्यंत त्याच्या ओट्यावर तीन तास बसले. दाखला घेतला. दुसऱ्या दिवशी प्रतिज्ञापत्रासाठी एका नोटरीकडे रांगेत उभे राहिले. मजकूर त्यांनी स्वतः लिहिला होता, सुवाच्य अक्षरात. नोटरीला कमी ऐकू येई, म्हणून तो सगळं मोठ्याने वाचे.

"'मी, खंडेराव पिंगळे, वय साठ, सत्यप्रतिज्ञेवर लिहून देतो की, सदर पक्ष्याच्या पोटास आलेला रंग हा निसर्गतः नसून माझ्या लेंग्यामुळे आलेला आहे.'" नोटरी थांबला. चष्म्यावरून बघत म्हणाला, "लेंग्यामुळे?"

"हो."

"कुणाच्या?"

"माझ्या," खंडेराव म्हणाले. रांगेतल्या शेवटच्या माणसानेही ते ऐकलं. "पुढे वाचा. 'सदर लेंगा मी स्वतः परिधान करून रहाडीत उडी मारली होती.' ते राहायला नको."

आदेश संध्याकाळी रद्द झाला. कागद घेऊन ते थेट लताबाईंच्या ओट्यावर गेले. पेढे नव्हते. बसा म्हटल्यावरही ते बसले नाहीत. खिशातून त्यांनी दुसरा एक कागद काढला. माफीचा. विषय, संदर्भ, सगळं होतं.

"वाचा," लताबाई म्हणाल्या.

त्यांनी वाचला. वाफ्यांच्या नुकसानीबद्दल होतं, झालेल्या मनस्तापाबद्दल होतं. वेदिका चौकटीला टेकून ऐकत होती.

"झालं?" लताबाईंनी विचारलं. "त्यात एक राहिलंय, भाऊ."

खंडेरावांना माहीत होतं काय राहिलंय. ते लिहायला दोन वेळा पेन टेकवलं होतं. त्यांनी कागदाची घडी घातली. "तुम्ही फुलं विका असं म्हणालो होतो," ते म्हणाले. "तुम्हाला माहीत होतं. मला माहीत नव्हतं. तरी म्हणालो."

"फुलं विकतेच मी. मला त्याची लाज नाही."

"मला आहे. म्हणजे, मी बोललो त्याची."

लताबाईंनी त्यांच्या हातातला आदेश रद्द झाल्याचा कागद घेतला. मग म्हणाल्या, "हॉल नको म्हणून सांगते उद्या. जाळी काढू, पण ते एक झुडूप ठेवू. नाथाभाऊ सांगून गेलेत, पिल्लं उडायला पंधरा दिवस लागतील. मांडव त्याला सोडून घालू. पण हळदीला चारशे माणसं येणार, पोरंसोरं येणार. कुणीतरी तिथं उभं राहायला पाहिजे."

"मी राहतो," खंडेराव म्हणाले.

वेदिका पहिल्यांदाच बोलली. "काका, रजिस्टर आणू नका फक्त."

हळदीच्या दिवशी सकाळपासून खंडेराव मांडवाच्या कोपऱ्यात, त्या एकुलत्या झुडपापाशी उभे होते. फुलं बाजारातून आणली होती. वाफ्यातल्या वाचलेल्या दोन रोपांची फुलं वेदिकाच्या मुंडावळ्यांत गेली. वाजंत्री वाजत होती, आत पानांच्या पिशवीत तीन इवल्या चोची उघडत होत्या आणि नारिंगी पोटाचा बाप दर पाच मिनिटांनी अळी घेऊन येत होता. पाहुण्यांना बातमी ठाऊक होतीच. जो तो जेवून हात पुसत तिथे यायचा आणि विचारायचा, "हाच का तो?"

"हाच," खंडेराव सांगायचे. "शिंपी. साधा आहे. रंग माझ्यामुळे लागला."

पहिल्या वीस-पंचवीस वेळा सांगताना कान तापले. शंभराव्या वेळीही तापलेच. लाज सरावाने कमी होते असं त्यांना वाटलं होतं. तसं काही झालं नाही. शुभांगीबाई येऊन त्यांच्या हातात जिलबीची बशी देऊन गेल्या. आदल्या रात्री घरच्या भाजीतही मीठ होतं.

दुपारी फुलाबाई नावाची लताबाईंची एक म्हातारी मावशी काठी टेकत आली. तिने झुडपात वाकून पाहिलं.

"लय दुर्मीळ हाय म्हनं?"

"नाही मावशी. साधा शिंपी आहे. सगळीकडे असतो."

"आमच्या परसातबी हाय." म्हातारीने त्यांना खालपासून वरपर्यंत न्याहाळलं. इस्त्रीचा शर्ट, हातात बशी, घामाने भिजलेली कॉलर. "मग एवढी राखन कशापायी?"

खंडेरावांनी झुडपाकडे पाहिलं. सकाळपासून हे कुणी विचारलं नव्हतं आणि त्यांच्या कुठल्याच रकान्यात याचं उत्तर बसत नव्हतं.

"घरटं आहे म्हणून," ते म्हणाले.

"मंग बरोबर," म्हातारी म्हणाली आणि पळत येणाऱ्या पोरांच्या घोळक्यापुढे काठी आडवी धरून त्यांच्या शेजारी उभी राहिली.